डोळे मिटून कंडक्ट करणारा माणूस एडिटिंगला बसतो तेव्हा

हे हात बघा. उजवा माउसवर, डावा हवेत, आणि तो डावा अजूनही बीट देतोय, समोर आता वाद्यवृंद नाही नुसती टाइमलाइन आहे हे त्याला कोणी सांगितलंच नाही. नागपुरात धरमपेठेतली खोली. सर मूळचे व्हायोलिनवाले, मग कंडक्टर, म्हणजे समोर उभं राहून हातांनी वाद्यवृंद चालवणारे, आता पूर्णवेळ वाद्यवृंदाच्या फिल्म्स करणारे.

टेबलावर उघडा आहे तो स्कोर, म्हणजे सगळ्या वाद्यांचं स्टाफ नोटेशन एकाखाली एक. त्यावर लाल पेन्सिलीनं लिहिलंय, कॅमेरा दोन, बासरी. आता बासरी वाजते १४व्या बारला (बार म्हणजे नोटेशनमधला तालाचा एक खंड), पण खूण १३व्यावर, कारण वादक श्वास घेतो तो क्षण पकडायचा असतो, आवाज आल्यावर कॅमेरा वळवला की गेला शॉट. आपल्याकडचे कार्यक्रमांचे व्हिडिओ आठवा, बासरी रंगात आलेली असते आणि कॅमेरा निवेदिकेच्या साडीवर! ज्याला स्कोर वाचता येत नाही त्यानं ऑर्केस्ट्रा शूट करू नये, असं सर म्हणतात, आणि आमचंही तेच म्हणणं आहे.

हे वेड लागलं कारायानमुळे. हर्बर्ट फॉन कारायान हा कंडक्टर, जन्म ऑस्ट्रियातल्या साल्झबर्गचा, १९०८चा, पुढे बर्लिन फिलहार्मोनिक या वाद्यवृंदाचा सर्वेसर्वा. १९५७च्या जपान दौऱ्यात टीव्हीची ताकद त्याला कळली. १९६५ला त्यानं क्लूझो हा फ्रेंच सिनेमाचा नावाजलेला दिग्दर्शकच सोबत घेतला, त्याच्याकडून शिकला, मग स्वतःच दिग्दर्शन करायला लागला आणि १९८२ला टेलेमाँडियाल नावाची स्वतःची कंपनी काढली. बऱ्याच फिल्म्सची पद्धत अशी की आधी आवाज रेकॉर्ड करायचा, मग त्याच रेकॉर्डिंगवर वादकांनी वाजवल्यासारखं करायचं, म्हणजे कॅमेरा पाहिजे तिथे घुसवता येतो. मंचावर डोळे मिटून कंडक्ट करणारा हा माणूस शेवटची वर्षं एडिटिंगच्या पडद्यासमोर बसला. फिल्ममध्ये त्याचाच चेहरा फार दिसतो ही तक्रार बरोबर आहे. नाझी पक्षाचा सदस्य होता, हेही खरं, त्यावर वेगळा व्हिडिओ लागेल.

हे सिव्हिल लाइन्सचं देशपांडे सभागृह. तीन कॅमेरे, तिन्ही भाड्याचे. कोपऱ्यात हेडसेट लावून स्कोर घेऊन बसलेली पोट्टी बार मोजतेय, "एक्केचाळीस, बेचाळीस, चेलो तयार ठेव दादा," आणि चेलोवाल्याचा बो, म्हणजे गज, तारेवर टेकायच्या आत कॅमेरा तिथे पोचलेला.

(इथे निवेदन नाही. सरांचा क्लोजअप पूर्ण चालू द्यायचा.)

या सगळ्यात सरांचा स्वतःचा वाद्यवृंद बंद पडला, वादक पांगले, घरात पैशाची ओढाताण झाली. कारायान १९८९ला गेला, त्याच्या फिल्म्स सोनीनं लेझरडिस्कवर, म्हणजे त्या काळच्या मोठ्या व्हिडिओ तबकडीवर, आणल्या. सरांचं पुढचं शूट थंडीत आहे, स्कोर वाचता येणारे दोन कॅमेरावाले हवेत, नागपुरातलेच असले तर बरं, राहायची सोय करावी लागत नाही.