त्या खोलीत दुसरं कोण होतं?

(काळा पडदा. फक्त आवाज.)

नोव्हेंबर १९७०. लॉस एंजेलिसजवळच्या एका सरकारी कार्यालयात, दृष्टी जवळजवळ गेलेली एक आई मदत मागायला येते. सोबत मुलगी. दोन्ही हात सशासारखे छातीशी धरलेले, चाल अडखळती. तिथल्या बाईंना वाटतं, पोर सहा-सात वर्षांची असेल. वय निघतं १३.

अभ्यासकांनी तिला ‘जिनी’ म्हटलं. खरं नाव जपलं. जेमतेम पावणेदोन वर्षांची होती तेव्हापासून ती एका खोलीत बंद. दिवसा शौचाच्या खुर्चीला बांधलेली. आवाज केला की मार. बाप तिच्याशी बोलायचा नाही, कुत्र्यासारखा भुंकायचा. सुटकेनंतर ती भराभर शब्द शिकली. वाक्य मात्र कधी नीट जुळलं नाही.

तिच्या ३२ वर्षं आधी, ओहायोत, साडेसहा वर्षांची ‘इसाबेल’ सापडली. हेही टोपणनावच. आई अविवाहित, म्हणून मायलेकींना अंधाऱ्या खोलीत लपवलेलं. मुडदुसानं पाय इतके वाकलेले, की उभी राहिली तर बुटांचे तळ जवळजवळ एकमेकांना टेकत. गळ्यातून नुसती घरघर. तज्ज्ञांनी आधी मतिमंद ठरवलं. पण दोनच वर्षांत ती बरोबरीच्या मुलांइतकी बोलू-शिकू लागली.

साडेसहा आणि १३ या वयांत फरक आहेच, आणि भाषेसाठी तो मोठा असतो. तरी मी या नोंदींत पुन्हा पुन्हा इसाबेलच्या आईपाशीच थांबते. ती मूकबधिर होती. लेकीला एक शब्द ऐकवणं तिला शक्य नव्हतं. पण हात होते. त्या अंधारात दोघी खुणांनी बोलत होत्या. मुलीनं काही मागितलं, तर समोरून उत्तर येत होतं.

(दृश्य: रात्र, उघडी खिडकी.)

जानेवारी २०१८, पेरिस, कॅलिफोर्निया. घरात १३ भावंडं कोंडलेली, आणि सरकारदरबारी ते घर म्हणजे खासगी शाळा! १७ वर्षांची बहीण खिडकीतून निसटते, जुन्या मोबाइलवरून पोलिसांना फोन लावते. आपण कुठल्या रस्त्यावर उभ्या आहोत हे तिला सांगता येत नाही. बाहेर फारसं कधी पडलेलीच नसते. पण घरात दोन धाकट्या बहिणी साखळीनं बांधलेल्या आहेत, हे ती पूर्ण वाक्यात सांगते.