वेताच्या कागदावरची चूक

(दृश्य: लाकडी पेटी, वर उबेचा दिवा. कुत्री आडवी पडलेली. एक हात ओलं पिल्लू उचलून वजनकाट्यावर ठेवतो.)

निवेदन:

पाचवं पिल्लू बाहेर आलं तोवर पहिलं दूध पिऊन झोपलंसुद्धा होतं. कुत्रीनं नाळ तोडली, चाटून चाटून पिल्लू कोरडं केलं, ते चिरकलं. आता ब्रीडरची पाळी. एका कागदावर वेळ लिहायची, वजन लिहायचं, नर की मादी ते लिहायचं, रंग लिहायचा, आणि मागोमाग वार पडली का तेही. मग पिल्लाच्या गळ्यात रंगीत फीत. पहिल्याला लाल, दुसऱ्याला पिवळी, या पाचव्याला हिरवी.

या पिल्लाच्या नावावर पुढे जे जे कागद निघतील, म्हणजे केनेल क्लबाकडे (कुत्र्यांच्या वंशाच्या नोंदी ठेवणाऱ्या संस्थेकडे) होणारी वेताची, म्हणजे एका बाळंतपणातल्या सगळ्या पिल्लांची, नोंदणी, वैयक्तिक प्रमाणपत्र, वंशावळ (पेडिग्री), परदेशी जायचं झालं तर निर्यातीची पेडिग्री, ते सगळे या एका पानावरून उतरणार आहेत. आणि हे पान लिहिणारा माणूस रात्रभर जागा आहे.

(दृश्य: पानाचा क्लोजअप. ‘नर’ या शब्दावर काट, शेजारी ‘मादी’.)

सगळ्यात साधी चूक लिंगाची. जन्मलेल्या नराचे वृषण खाली उतरलेले नसतात, त्यामुळे तिकडे पाहून काही कळत नाही. पोटाखाली नाळेच्या मागे थोड्या अंतरावर छिद्र दिसलं तर नर, शेपटीखाली दिसलं तर मादी. पण पिल्लू ओलं असतं, वळवळत असतं, नाळेचं टोक अजून लोंबत असतं. घाईत तेच टोक पाहून मादीचा नर होतो. दोन दिवसांनी नाळ गळून पडली की खरं काय ते दिसतं; प्रश्न एवढाच, की तोपर्यंत अर्ज गेलेला असतो का.

रंगाचं प्रकरण जास्त गमतीचं आहे. डाल्मेशियनची पिल्लं पांढरीशुभ्र जन्मतात, ठिपके नंतर उमटतात. केरी ब्लू टेरिअर काळा जन्मतो आणि पुढे निळसर राखी होतो. यॉर्कशायर टेरिअरच्या पिल्लाला पाहून मोठेपणी त्याच्या पाठीवर पोलादी निळा रंग येईल, यावर नवख्याचा विश्वास बसणार नाही. म्हणजे जन्मदिवशी लिहिलेला रंग आणि दोन वर्षांनी दिसणारा रंग वेगळे असले, तरी प्रत्येक वेळी चूक झालेली असतेच असं नाही. जातीची माहिती असलेला माणूस जन्माचा रंग पाहून पुढचा रंग लिहितो. ज्याला माहिती नाही तो डोळ्यांना दिसेल ते लिहितो, आणि मग दुरुस्तीचा अर्ज करतो.

पण एक रंग असा आहे की त्याची चूक कागदावर थांबत नाही.

(दृश्य: निळसर राखी अंगावर गडद डाग असलेला शेळ्या-मेंढ्या राखणारा कुत्रा, पळताना.)

याला मर्ल म्हणतात. मर्लचा जीन प्रभावी आहे. आई किंवा बाप, एकाकडून आला तर अंगावर हे सुंदर डाग. दोघांकडून आला तर पिल्लू बरंचसं पांढरं होतं आणि बहिरेपणाचा, डोळ्यांच्या व्यंगाचा धोका फार वाढतो. दोन मर्ल एकत्र आणले, तर प्रत्येक पिल्लामागे ही शक्यता चारात एक. म्हणून ब्रिटनचा केनेल क्लब अशा जोडीच्या पिल्लांची नोंदणीच करत नाही. आता समजा, एखाद्या कुत्रीच्या अंगावर मर्लचा फक्त एक लहानसा डाग आहे, शेपटीच्या बुडाशी, केसांत दडलेला. ब्रीडरनं लिहिलं ‘काळी’. त्यात कुणाची लबाडी नाही. कुत्री विकली गेली, तीन वर्षांनी नव्या मालकानं कागद पाहिला, काळी आहे म्हटल्यावर निर्धास्तपणे मर्ल नराशी जोडी लावली. तो एक शब्द चुकला नसता, तर कुणीतरी आधी तिची जनुकीय चाचणी करून घेतली असती.

(दृश्य: जुन्या छपाईची जाडजूड वही, पानं उलटताना.)

गंमत अशी, की या नोंदी सुरू झाल्या तेव्हा आईबापांची कुणाला फारशी पर्वा नव्हती. १८५९ साली इंग्लंडमधल्या न्यूकॅसलला पॉइंटर आणि सेटर कुत्र्यांचं प्रदर्शन भरलं. त्यानंतर प्रदर्शनांची लाटच आली. लंडनमध्ये १८७३ साली केनेल क्लब स्थापन झाला आणि पुढच्याच वर्षी त्याचं पहिलं स्टड बुक निघालं, त्यात ४,०२७ कुत्र्यांच्या नोंदी होत्या. अडचण नावांची होती. ज्याला त्याला बॉब, जेट, स्पॉट हीच नावं सुचत. बक्षीस कोणत्या बॉबला मिळालं आणि पिल्लं कोणत्या बॉबची, हे सांगणार कोण? म्हणून १८८० मध्ये क्लबानं सरसकट नोंदणी आणली. ती होती फक्त नावांची, एकच नाव दोघांना पडू नये एवढ्यासाठी. त्या नियमालाही लोकांनी आधी विरोध केला होता.

वंशावळीला वजन आलं ते हळूहळू. अमेरिकन केनेल क्लब १८८४ चा, युरोपातल्या पाच देशांनी मिळून काढलेला आंतरराष्ट्रीय महासंघ एफसीआय १९११ चा. एका देशातली पेडिग्री दुसऱ्या देशात मानली जाऊ लागली, आणि त्याबरोबर एका देशातली चूकही दुसऱ्या देशात जाऊ लागली.

हे सगळं उभं आहे ते एका सहीवर. मादीचा मालक सांगतो, अमुक तारखेला अमुक नराशी मेटिंग झालं. नराचा मालक त्याला दुजोरा देतो. क्लबातलं कुणी त्या दिवशी तिथे हजर नसतं.

(दृश्य: कुंपणाच्या जाळीखाली उकरलेला खड्डा.)

आणि बाप चुकणं ही सगळ्यात अवघड चूक. कुत्रीच्या शरीराची रचनाच अशी आहे की इथे फसगत व्हावी. बीजांड सुटतं तेव्हा ते पिकलेलं नसतं, त्याला आणखी दोन-तीन दिवस लागतात. नराचं वीर्य तिच्या शरीरात कित्येक दिवस टिकतं. म्हणजे सोमवारी ठरवून मेटिंग केलं आणि गुरुवारी घरातलाच दुसरा नर कुंपणाखालून आत शिरला, तर दोघांचीही पिल्लं एकाच वेतात जन्मू शकतात. बीजांड सुटल्यापासून साधारण ६३ दिवसांनी कुत्री व्यायते. पण मेटिंगच्या तारखेपासून मोजलं तर हाच आकडा चांगलाच पुढे-मागे होतो. त्यामुळे ‘दिवस बरोबर भरलेत, म्हणजे बाप हाच’ हा युक्तिवाद कितीही ठामपणे केला, तरी त्यात दम नाही.

कधीकधी रंगच बोलतो. दोन पिवळ्या लॅब्रॅडॉरना काळं पिल्लू होत नाही. दोन चॉकलेटींनाही होत नाही. पिवळ्या जोडीच्या वेतात काळं पिल्लू नोंदवलेलं असेल, तर कुठेतरी काहीतरी चुकलं आहे: आई, बाप, रंग, नाहीतर पिल्लूच दुसऱ्या पेटीतलं. नेमकं काय, ते रंग सांगत नाही. त्यासाठी गालाच्या आतून कापसाची काडी फिरवून डीएनएचा नमुना घ्यावा लागतो.

या तपासणीचं तर्कशास्त्र सरळ आहे. तपासलेल्या प्रत्येक जागी पिल्लाकडे दोन प्रती असतात, एक आईकडून, एक बापाकडून. आईची प्रत बाजूला काढली की उरलेली बापाकडे असायला हवी. बऱ्याच जागी ती नसेल, तर हा बाप नाही. इथे विषय संपतो. उलट बाजूनं मात्र जरा सावध राहावं. दोन सख्खे भाऊ दोघंही बाप असू शकत असतील, तर दोघांचेही नमुने हवेत. एकाचा जुळला म्हणून दुसरा सुटला, असं होत नाही. अमेरिकन केनेल क्लब एका वेतात एकाहून अधिक नर असतील, तर आईचा, सगळ्या नरांचा आणि प्रत्येक पिल्लाचा डीएनए मागतो. मला हा नियम फार शहाणपणाचा वाटतो. अपघात झाला हे कबूल करायला तो जागा देतो. जिथे अशी जागा नसते, तिथे लोक दुसऱ्या नराचं नावच काढत नाहीत.

(दृश्य: टेबलावर दोन काळी पिल्लं, हुबेहूब सारखी. शेजारी बारकोडचे स्टिकर.)

आता एक चूक जरा जवळून पाहू, कारण हल्ली ही फार होते.

दोन काळे भाऊ. आंघोळ घालताना दोघांच्या फिती निघाल्या, अंदाजानं पुन्हा बांधल्या. मायक्रोचिप बसवायचा दिवस. चिप तांदळाच्या दाण्याएवढी, खांद्यांच्या मध्ये कातडीखाली जाते. तिच्यात १५ अंकी क्रमांक. पाकिटात त्याच क्रमांकाचे चार-सहा स्टिकर. पहिल्या पिल्लाला चिप टोचली, स्टिकर काढून ठेवला. तेवढ्यात दुसरं पिल्लू टेबलावरून उडी मारायला निघालं, त्याला धरलं, त्याला टोचलं. मग दोन्ही स्टिकर दोन अर्जांवर चिकटवले, उलटे.

त्या दिवशी कुणाचंच काही बिघडलं नाही. दोघं वेगवेगळ्या घरी गेले. दोन वर्षांनी एकाच्या खुब्यांचा एक्स-रे काढला. पशुवैद्यानं स्कॅनर फिरवला, चिपचा क्रमांक कागदाशी पडताळला, तर तो जुळेना. इथे निदान अडलं. पण स्कॅनर न फिरवता नुसत्या कागदावरून एक्स-रेवर नाव घातलं असतं, तर? एका भावाचे निकोप खुबे दुसऱ्याच्या नावावर चढले असते, आणि सदोष खुब्यांचा नर चांगल्या निकालाच्या जोरावर वेतांमागून वेतं देत राहिला असता.

यावर उपाय इतका साधा आहे की सांगताना संकोच वाटतो. टोचण्याआधी चिप स्कॅन करायची, टोचल्यावर पिल्लू स्कॅन करायचं, स्टिकर चिकटवायचा, आणि मगच दुसऱ्या पिल्लाला हात लावायचा.

चूक किती दूर पोचते, याचं आणखी एक उदाहरण. आई आणि बाप दोघंही एखाद्या आजाराच्या जीनपासून मुक्त असतील, तर पिल्लूही मुक्त, म्हणून त्याची चाचणी न करता तशी नोंद होते. पिढ्यान्‌पिढ्या ती पुढे जाते. मध्ये एका वेतात बाप चुकीचा लागला असेल, तर खालची अख्खी फांदी फुकटची निरोगी ठरते. ब्रिटनच्या केनेल क्लबानं म्हणूनच अशा वारशानं मिळणाऱ्या शेऱ्याला दोन पिढ्यांची मर्यादा घातली. पुढे न्यायचा तर डीएनएनं आईबाप सिद्ध करा. जनुकशास्त्रज्ञ स्यूअल राइट यांनी १९२२ मध्ये मांडलेला जवळच्या नात्यातल्या संकराचा गुणांकही वंशावळीवरूनच काढतात. बाप चुकला की तो आकडाही चुकला, दशांश चिन्हानंतर दोन घरांपर्यंत अचूक दिसत असला तरी.

(दृश्य: कार्यालयातली टपालाची पेटी, अर्जांची चळत.)

दुरुस्ती कोण मागू शकतो? बहुतेक ठिकाणी ब्रीडरच, म्हणजे पिल्लं जन्मली तेव्हा कुत्री ज्याच्या नावावर होती तो. नव्या मालकाला स्वतःचा पत्ता बदलता येतो. कुत्र्याचा बाप बदलता येत नाही. त्याला ब्रीडरकडेच परत जावं लागतं. कुत्री दोघांच्या मालकीची असेल, तर बऱ्याचदा दोघांच्याही सह्या लागतात. बापाबद्दल प्रश्न असेल तर नराच्या मालकाचीही.

जोडीला पुरावा. रंगासाठी उभ्या कुत्र्याचे समोरून आणि बाजूनं काढलेले फोटो. लिंगासाठी पशुवैद्याचं पत्र. चिपसाठी स्कॅन करून दिलेला दाखला, आणि अदलाबदल झाली असेल तर दोन्ही कुत्र्यांचा. एकाचाच कागद दुरुस्त केला तर एकच क्रमांक दोघांच्या नावावर बसतो. जन्मतारखेसाठी ते पहिल्या रात्रीचं पान. रात्री साडेअकराला पहिलं पिल्लू आणि पहाटे तीनला शेवटचं, अशा वेतात दोन तारखा होतात आणि नोंदणीत एकच मावते. प्रदर्शनात नऊ महिन्यांच्या आतला गट आणि वरचा गट वेगळे असतात, तेव्हा त्या एका दिवसावरूनही वाद होतात. म्हणून ते पान, डाग पडलेलं, खाडाखोड असलेलं, जपून ठेवावं. नंतर सुवाच्य अक्षरात उतरवलेल्या प्रतीपेक्षा माझा त्या खाडाखोडीवर जास्त विश्वास आहे.

मूळ प्रमाणपत्र परत पाठवावं लागतं. त्यावर पेनानं दुरुस्ती केली तर ते बादच.

वेळेचा हिशेबही लक्षात घ्यायला हवा. वेताची नोंद झाली आहे, पण पिल्लांची वेगळी प्रमाणपत्रं निघालेली नाहीत, तोवर सगळं सोपं. प्रमाणपत्रं निघाली की प्रत्येक मालकाला गाठायचं. आणि त्या पिल्लांना पिल्लं झाली असतील, तर खालच्या प्रत्येक नोंदीवर हात पडतो. काही क्लब अशा वेळी खालच्या नोंदी थांबवून ठेवतात, काही रद्दही करतात. नातवंडाच्या मालकाचा यात काय दोष? काहीच नाही. पण नोंद खोटी आहे हे कळल्यावर ती तशीच ठेवणंही शक्य नसतं.

माझी तक्रार आहे ती स्वतःहून आलेल्या माणसाला मिळणाऱ्या वागणुकीबद्दल. चूक लपवणाऱ्याला शोधून काढायला क्लबाकडे माणसं नसतात. चूक सांगायला आलेला मात्र आयता सापडतो. त्याच्याकडून शुल्क, खुलासे, वर संशय. एकदा असा अनुभव आलेला ब्रीडर पुढच्या वेळी ‘मर्लचा एवढासा तर डाग’ म्हणून गप्प बसतो.

(दृश्य: फोनवर बोलणारी ब्रीडर. समोर दोन वेगवेगळे अर्ज.)

आणि एक गोष्ट, जी बरेच जण विसरतात. केनेल क्लबाची नोंद आणि मायक्रोचिपची नोंद या बहुतेक ठिकाणी दोन वेगळ्या वह्या आहेत. क्लबाकडून दुरुस्त प्रमाणपत्र हाती आलं, म्हणून चिपच्या यादीतलं नाव आपोआप बदलत नाही. कुत्रा हरवला, कुणी उचलून दवाखान्यात नेला, तर तिथे पेडिग्री कुणी विचारत नाही. स्कॅनरवर आलेला क्रमांक चिपच्या यादीत शोधतात. त्या दोन काळ्या भावांपैकी एक हरवला आणि ही यादी दुरुस्त केलेली नसेल, तर फोन दुसऱ्याच्या घरी जाईल, आणि तिथला माणूस म्हणेल की आमचा कुत्रा तर इथेच आहे. म्हणून क्लबाचा अर्ज भरला की त्याच बैठकीत चिपच्या यादीचाही भरावा, आणि दोन्ही घरी कळवावं.