घाटघर आणि नाणेघाटाची भिंत

श्रोतेहो, नमस्कार. आज घाटघरला जाऊ या. आधी एक घोटाळा मिटवतो. घाटघर दोन आहेत. एक अकोले तालुक्यातलं, वीजप्रकल्पाचं. आपलं घाटघर जुन्नर तालुक्यातलं, नाणेघाटाच्या माथ्यावरचं. जुन्नरहून पश्चिमेला साधारण पस्तीस किलोमीटर. पाटी नुसती 'घाटघर' म्हणते, म्हणून निघताना तालुका विचारून घ्या.

गाव म्हणजे विखुरलेल्या वाड्या. वस्ती मुख्यतः महादेव कोळ्यांची, आणि तीही विरळ. विरळ का, तर पाण्यामुळे. पावसाळ्यात पाऊस असा कोसळतो की समोरचा माणूस दिसत नाही, आणि एप्रिल-मेमध्ये हंड्यासाठी पायपीट करावी लागते. जमिनीखाली काळा पाषाण आहे. लाव्हाचे थर एकावर एक बसलेत, वर मातीचा पातळ पापुद्रा. पाणी मुरत नाही, धावतं. माथ्याच्या पूर्वेला पडलेला थेंब कुकडीत जातो, पुढे घोड, भीमा, कृष्णा करत बंगालच्या उपसागराला मिळतो. चार पावलं पश्चिमेला पडलेला थेंब कडा उतरून उल्हासच्या खोऱ्यात आणि अरबी समुद्रात. पुन्हा सांगतो, पाऊस भरपूर, पण पाणी थांबत नाही.

उलटा धबधबा पाहायला गर्दी होते, त्याचंही थोडक्यात. समुद्रावरून आलेला वारा उभ्या कड्यावर आदळतो आणि वर वळतो. धार बारीक असेल तर तिला उचलून माथ्यावर फेकतो. ओढा फुगला की धार जड होते आणि सरळ खाली पडते. म्हणजे मुसळधार पावसात उलटा धबधबा दिसेलच असं नाही.

शेती भाताची, वरकस उतारावर नाचणी-वरई. भाताच्या रोपांसाठी उन्हाळ्यात राब भाजतात. खाली शेण, वर टहाळ आणि पातेरा, त्यावर मातीचा हलका थर. पेटवायचा वाऱ्याच्या उलट बाजूने, म्हणजे आग सावकाश सरकते. भरभर पेटला तर जमीन तापत नाही, तणाचं बी जिवंत राहतं आणि जूनमध्ये रोपापेक्षा गवतच जास्त उगवतं. दुसरं उत्पन्न हिरड्याचं. आत कोय धरण्याआधी कोवळं फळ काढून उन्हात काळं होईपर्यंत वाळवायचं, तो बाळहिरडा. वाळवणावर वळीव आला की बुरशी धरते आणि भाव पडतो. तुमच्या बाळगुटीत उगाळला जाणारा हिरडा अशाच एखाद्या अंगणात वाळलेला असतो. तो विकत घेताना दोन रुपयांसाठी घासाघीस करू नये, असं माझं स्पष्ट मत आहे.

आता ती भिंत. मला सांगायची होती ती गोष्ट हीच.

घाटाच्या तोंडाशी खडकात कोरलेली चौकोनी खोली आहे. कल्याण-सोपारा या बंदरांतला माल बैलांच्या पाठीवर याच खिंडीतून जुन्नरला आणि पुढे पैठणला जायचा. चढून दमलेला व्यापारी इथे टेकायचा. समोरच्या भिंतीवर कोरलेल्या मूर्ती होत्या, वर प्रत्येकाचं नाव. सिमुक सातवाहन, राणी नागनिका, राजा सातकर्णी, राजकुमार, आणि महारठी त्रणकयिर, म्हणजे राणीचे वडील. नावं आजही वाचता येतात. मूर्ती मात्र गेल्या, काहींची नुसती पावलं उरलीत. विचार करा श्रोतेहो, राजघराण्याची नुसती पावलं.

आणि डाव्या-उजव्या भिंतींवर ब्राह्मी लिपीत, प्राकृत भाषेत लांबलचक लेख. काळ साधारण इसवी सनापूर्वीचं पहिलं शतक, काही अभ्यासक आणखी मागे जातात. त्यात एका राणीचं वर्णन येतं, महिना-महिना उपवास करणारी, घरात राहून तापसीसारखी जगणारी. ही नागनिकाच, असं बहुतेक अभ्यासक मानतात. पुढे सगळा हिशोब. कोणता यज्ञ केला, दक्षिणा किती दिली. अश्वमेध, राजसूय, गाई, घोडे, हत्ती, कार्षापण नाणी. १,७०० गाई. २४,४०० कार्षापणं.

हे आकडे म्हणजे या भिंतीचं खरं धन. शून्य नाही, स्थानमूल्य नाही. एकासाठी एक आडवी रेघ, दोनासाठी दोन. हजाराच्या खुणेला चाराची खूण जोडली की चार हजार. म्हणजे २४,४०० लिहायला तीनच चिन्हं, वीस हजार, चार हजार, चारशे. पुन्हा ऐका, वीस हजार, चार हजार, चारशे. आपण तोंडाने 'चोवीस हजार चारशे' म्हणतो, जवळपास तसंच ते लिहीत. १८७० च्या दशकात पंडित भगवानलाल इंद्रजींनी या अंकांचा उलगडा केला. शाळेत मुलांना सनावळ्या पाठ करायला लावतात. त्याऐवजी एक दिवस या भिंतीसमोर बसवून बेरीज करायला लावावी.

हा हिशोब पैठणच्या राजवाड्यात न कोरता इथे का कोरला? इथे वस्ती कधीच फार नव्हती, पण देशावर चढणारा प्रत्येक तांडा इथे थांबायचा. वाचता न येणाऱ्याला बरोबरचा कुणी वाचून दाखवत असेल, आणि राणीचं नाव पुढच्या बाजारात पोचत असेल.

माथ्यावरच्या दगडी रांजणाला जकातीचा रांजण म्हणतात. ती लोकपरंपरा आहे, भिंतीवरच्या लेखात जकातीचा शब्द नाही. शेजारच्या जीवधन किल्ल्यावरून १६३३ साली शहाजीराजांनी मूर्तझा या निजामशाही वारसाला बाहेर काढलं आणि पेमगिरीवर गादीवर बसवलं. तो स्वतंत्र भाषणाचा विषय.

जाणाऱ्यांसाठी दोन गोष्टी. अक्षरं दिसावीत म्हणून त्यांत खडू भरू नका. विजेरी भिंतीला लागून तिरकी धरा, खाचेत सावली पडते आणि अक्षर उठून दिसतं. आणि वैशाखऱ्याहून पायी चढणार असाल तर माणशी तीन लिटर पाणी घ्या. घाटातल्या एका टाक्यावर छोटा लेख आहे, सोपाऱ्याच्या गोविंददासाने दिलेली पोढी. पोढी म्हणजे पाण्याचं टाकं. समुद्रकाठच्या माणसाने इतक्या वर येऊन पदरच्या पैशाने ते खोदवून घेतलं. उन्हाळ्यात इथे पाणी मिळत नाही, हे त्याला चढतानाच कळलं असणार.