धुपदाळचं बेट

नमस्कार मंडळी.

मिरजेहून बेळगावला रेल्वेनं येताना घटप्रभा स्टेशन लागतं. माझी आत्या तिथंच राहते, त्यामुळं जवळच्या धुपदाळचं पाणी मी लहानपणापासून बघत आलेय. आपल्या चंदगडातनं वाहत येणारी घटप्रभा नदी हिडकलच्या धरणात अडते, पुढं हिरण्यकेशीला पोटात घेते आणि धुपदाळच्या बंधाऱ्यामागं पुन्हा ऐसपैस पसरते. हा बंधारा इंग्रजांच्या काळातला, कालव्यासाठी बांधलेला. पाखरांचा विचार तेव्हा कुणाच्या मनातही नसेल. पण पाणी तुंबलं, गाळ साठला, उंचवटे तेवढे वर राहिले आणि त्यांवर बाभळी माजल्या. कन्नडात अशा बेटाला नडुगड्डे म्हणतात. नडु म्हणजे मधला. १९७४ साली हा सगळा परिसर पक्षी अभयारण्य झाला.

त्यातलं काठाजवळचं एक बेट माझं फार लाडकं. दिवस कलला की आधी पाणकावळे येतात. पंख पसरून वाळवत बसतात, आणि एकेका फांदीवर इतके की फांदी पाण्याला टेकते. मग बगळे. जागेसाठी कलकलाट होतो. खालची पानं शिटेनं चुना फासल्यासारखी पांढरी पडलेली, वाऱ्यावर माशांचा उग्र वास. हिवाळ्यात दूर मध्य आशियातून हिमालय ओलांडून कांड्या करकोचे येतात. ते झाडावर बसत नाहीत, उथळ पाण्यात उभ्यानंच रात्र काढतात. कोल्हा-कुत्रं आलंच तर पाणी डुबडुबतं आणि सारा थवा सावध होतो.

बेटाचं कुंपण म्हणजे हे पाणीच. उन्हाळ्यात ते ओसरतं आणि बेट काठाला जोडलं जातं. गेल्या मे महिन्यात मी मामांबरोबर, म्हणजे आत्याच्या यजमानांबरोबर, चिखल तुडवत तिथवर गेले. तीन बाभळी बुंध्यापासून तोडलेल्या होत्या. कापल्या जागी डिंक अजून ओला होता, बोटाला चिकटला. मामा कितीतरी वेळ त्या खोडावर हात ठेवून उभे होते.

म्हणून हात जोडून सांगते, सरपणाला बाभूळ हवी तर शेताच्या बांधावरची घ्या, बेटावरची नको. शेळ्या तिकडं सोडू नका. होडी मिळाली तरी बेटावर उतरू नका. काठावरूनच बघा. संध्याकाळी साडेपाचला मावळता सूर्य पाठीशी येईल असं उभं राहा, भडक कपडे नकोत, मुलांना गप्प बसायला सांगा. करकोचे दिसायच्या आधी ऐकू येतात.