'गोलमाल' ते 'आक्रीत' : अमोल पालेकर

रसिकहो, नाशकात सिनेमावर बोलायचं तर सुरुवात दादासाहेब फाळक्यांपासूनच व्हायला हवी. त्र्यंबकेश्वरी जन्मलेल्या या माणसाने १९१७ च्या 'लंकादहन'मध्ये राम आणि सीता या दोन्ही भूमिका एकाच नटाकडून, साळुंक्यांकडून करून घेतल्या. एका नटात किती माणसं मावतात, हा प्रश्न आपल्या सिनेमाला असा पाळण्यातच पडला. अमोल पालेकरांची सगळी कारकीर्द मला या प्रश्नाशी घातलेली झटापट वाटते.

मुंबईच्या जे. जे. कला महाविद्यालयात चित्रकला शिकलेला, बँकेत नोकरी करणारा, नाट्यदिग्दर्शक सत्यदेव दुब्यांच्या तालमीत तयार झालेला हा तरुण १९७४ मध्ये 'रजनीगंधा'त दिसला. मग 'छोटी सी बात', 'चितचोर'. लोक म्हणाले, हा आपल्यातलाच एक, बसच्या रांगेतला. झालं! 'साधा माणूस' हा शिक्का बसला तो बसलाच. या शिक्क्याने त्यांच्यावर मोठा अन्याय केला, असं माझं स्पष्ट मत आहे.

'गोलमाल' घ्या. १९७९ चा. सगळे त्याला दुहेरी भूमिका म्हणतात. नीट बघा, तिथे तीन माणसं आहेत. एक खरा रामप्रसाद, गाण्याचा आणि हॉकीचा शौकीन. दुसरा, उत्पल दत्तांच्या भवानीशंकरपुढे, म्हणजे नोकरी देणाऱ्या मालकापुढे, उभा राहणारा रामप्रसाद : मिशी, तेल चोपडलेले केस, आखूड कुर्ता, नजर खाली. आणि तिसरा तो बिनमिशीचा लक्ष्मणप्रसाद ऊर्फ लकी. आता गंमत अशी, की दुसरा आणि तिसरा ही पहिल्याने घेतलेली सोंगं आहेत. म्हणजे पालेकरांना नुसती दोन पात्रं रंगवायची नव्हती. अभिनयाचं शिक्षण नसलेला एक हिशेबनीस ती दोन पात्रं कशी रंगवेल, हे दाखवायचं होतं. लकीच्या बेफिकिरीत मधूनच डोकावणारी रामप्रसादची धास्ती पाहा. ते काम साध्या माणसाचं नव्हे, फार तयारीच्या नटाचं आहे. फिल्मफेअर मिळालं, पण लोकांच्या लक्षात राहिली ती मिशी.

त्याच्या दोनच वर्षं आधी बेनेगलांच्या 'भूमिका'त त्यांनी केशव दळवी केला होता. बायकोच्या कमाईवर जगणारा, वर तिच्यावरच संशय घेणारा नवरा. चेहरा तोच, बोलणं तसंच मवाळ. ज्या मवाळपणावर आपण 'चितचोर'मध्ये जीव टाकला, त्याचीच इथे किळस येते. त्यासाठी त्यांना ना डोळे वटारावे लागले, ना आवाज चढवावा लागला.

आणि मग १९८१ मध्ये 'आक्रीत'. दिग्दर्शनातलं पहिलं पाऊल, पटकथा विजय तेंडुलकरांची, विषय परभणी जिल्ह्यातल्या मानवतच्या हत्याकांडावर बेतलेला. हिंदीत नाव चालत असताना एखाद्याने मराठीत प्रेमकथा काढली असती. यांनी नरबळी हा विषय निवडला आणि त्यातली प्रमुख भूमिका स्वतः केली. स्वतःची प्रतिमा इतक्या निर्धाराने मोडणारा दुसरा लोकप्रिय नट मला चटकन आठवत नाही.

पुढे 'अनकही' आला, चिं. त्र्यं. खानोलकरांच्या 'कालाय तस्मै नमः' या नाटकावरून. त्यातल्या गायनासाठी भीमसेन जोशींना आणि संगीतासाठी जयदेवांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. हळूहळू पालेकर कॅमेऱ्यामागेच राहू लागले. 'बनगरवाडी'त व्यंकटेश माडगूळकरांचं माणदेश आहे. धनगरांच्या वस्तीवर आलेला कोवळा मास्तर, शाळा, तालीम आणि शेवटी दुष्काळाने ओस पडलेलं गाव. 'दायरा'त निर्मल पांडे स्त्रीवेशात वावरतो आणि त्या वेशाची कुठेही टिंगल होत नाही. साळुंक्यांच्या सीतेनंतर जवळजवळ ऐंशी वर्षांनी आलेला हा सिनेमा आहे, हे नाशिककरांना मुद्दाम सांगावंसं वाटतं. 'ध्यासपर्व'मध्ये संततिनियमनाचे पुरस्कर्ते र. धों. कर्वे उभे करायला त्यांनी किशोर कदमांना घेतलं. शाहरुख खानचा 'पहेली'सुद्धा त्यांचाच, हे तर पुष्कळांना ठाऊकच नसतं.

आपल्या शहरातल्या चित्रपटप्रेमी मंडळांना माझी एक विनंती आहे. 'गोलमाल' कुठेही, केव्हाही बघता येतो. तुम्ही शनिवारी 'भूमिका' आणि रविवारी 'आक्रीत' असे लागोपाठ दाखवा, आणि कॉलेजच्या मुलांना तिकीट लावू नका. खेळानंतर चर्चेला बोलावलंत, तर मी येईन.