खाडी आडवी येते

पत्रिकेत माझा विषय 'सागरी महामार्ग : मार्ग आणि विकास' असा छापलाय. नाव मी दिलेलं नाही, पण वाईट नाही, त्यावर येतोच. त्याआधी एक सांगा, बाणकोट खाडीवर वेश्वीच्या धक्क्यावर ताटकळलेले इथे किती जण आहेत? हात वर करा. तीनच? म्हणजे बाकीचे सगळे पनवेल-महाड करून जाणारे. तुमचं दुःख वेगळं, त्याला दुसरं व्याख्यान लागेल.

पंधराएक वर्षं झाली असतील. चुलतबहिणीचं लग्न, मुलगा श्रीवर्धनचा. वऱ्हाड सकाळीच पलीकडे गेलेलं, मागून रुखवताचा टेम्पो आणि त्यात मी. चिरोट्यांचा मनोरा मागे ठेवायला काकूंचा विश्वास नव्हता, म्हणून तो माझ्या मांडीवर. ड्रायव्हरला मंडणगडला चहा हवा झाला. एक चहा, मग भजी, मग ओळखीचा कुणी भेटला. वेश्वीला पोचलो तर शेवटची जंगलजेटी खाडीच्या मध्यावर. (पुण्याच्या मंडळींसाठी : जंगलजेटी म्हणजे गाड्या नेणारी फेरीबोट. हे नाव कुठून आलं ते मला विचारू नका, मीही विचारलेलं नाही.) धक्क्यावरचा माणूस शांतपणे म्हणाला, "मास्तर, आता सकाळी." समोर बागमांडल्याचे दिवे लुकलुकत होते. मोजता येत होते हो! आणि आम्ही मागे वळलो. परत मंडणगड, म्हाप्रळ, आंबेतचा पूल, म्हसळा, श्रीवर्धन. मांडवात शिरलो तेव्हा मध्यरात्र उलटलेली आणि मनोऱ्याचा रवा झालेला. काकूंनी तो डब्यात भरून रुखवतात मांडला, वर चिठ्ठी लावली : 'चिरोट्यांचा चिवडा'. व्याह्यांना आवडला म्हणतात.

आता हसलात, पण माझा मुद्दा त्या धक्क्यावरच आहे. कोकणातला उभा रस्ता म्हणजे समुद्र आणि आडवे रस्ते म्हणजे खाड्या, असाच व्यवहार शतकानुशतकं चालला. माल गलबतातून दाभोळला यायचा, वाशिष्ठीतून वर चिपळूणपर्यंत, तिथून बैलांच्या पाठीवर घाट चढायचा. सावित्रीवर महाड तसंच, अर्जुनेवर राजापूर तसंच. उत्तर-दक्षिण जायचं तर पडाव, पुढे आगबोट. जमिनीवरून उभं जायची गरज कुणाला होती?

मुंबई-गोवा रस्ता, म्हणजे आधीचा १७ आणि आताचा ६६ क्रमांकाचा, कुठून जातो पाहा. महाड, खेड, चिपळूण, संगमेश्वर, राजापूर. भरतीचं पाणी जिथे दमतं, खाडीची जिथे नदी होते, तिथून तो गेला. तिथे पूल लहान लागतो. समुद्र मात्र राहिला पश्चिमेला, लांब. किनाऱ्याने, खाडीच्या रुंद तोंडावरून रस्ता न्यायचं अंतुल्यांनी मनावर घेतलं, ते १९८० साली मुख्यमंत्री झाले तेव्हा. धाडस मोठं होतं. ते स्वतः आंबेतचे. त्यांच्या गावचा पूल पुढे दुरुस्तीसाठी बंद झाला तेव्हा शेजारी जंगलजेटीच लावावी लागली. खाडी सूड घेते, असं आमच्याकडे...

चिठ्ठी आली. पाच मिनिटं. बरं.

तर मार्ग. हा सागरी महामार्ग म्हणजे रायगडातल्या रेवसपासून सिंधुदुर्गातल्या रेडीपर्यंत, सुमारे ५०० किलोमीटर. रेवदंडा-साळाव, भाट्ये, पूर्णगड इथे पूल कधीच झाले. घोडं अडलं मोठ्या तोंडांवर : करंजा-रेवस, आगरदांडा-दिघी, बाणकोट, दाभोळ, जयगड. बाणकोटला तर खांब उभे राहिले आणि काम थांबलं. वर्षानुवर्षं ते खांब खाडीत उभे होते, वर पक्षी. आता रस्ते विकास महामंडळाने या पुलांची कामं हाती घेतलीत, चांगलंच आहे.

विकासाचं म्हणाल तर माझं म्हणणं एवढंच की पूल आधी करा, रुंदीकरण मागून बघू. मुरुड, हर्णै, गुहागर इथे रस्ता दोन गडग्यांमधून, म्हणजे दगडी कुंपणांमधून जातो. एका बाजूला विहीर, दुसऱ्या बाजूला पोफळी. तिथे चार पदरी करायला गेलात तर वाडीच जाईल, आणि पाहुणे येतात ते वाडी बघायला. गावाबाहेरून, सड्यावरून (म्हणजे वरच्या कातळाच्या माळावरून) वळसा द्या. चढ पडेल, पडू दे. खाडी ओलांडता आली की वेळ तिथेच वाचतो. माझे त्या रात्रीचे तास रस्ता अरुंद होता म्हणून गेले नाहीत.

दुसरी चिठ्ठी. मी जयगडलाच अडकलो, विजयदुर्ग, मालवण, वेंगुर्ला सगळं राहिलं. तिकडच्या मंडळींनी चहाला मला गाठावं. आणि चिरोट्यांची कृती विचारू नका, ती काकूंकडे.