‘येते’ला जर्मनमध्ये काय म्हणायचं?

नमस्कार मंडळी. गेल्या महिन्यात सोलापुरातल्या माझ्या जर्मनच्या वर्गाची संध्याकाळची बॅच सुटली. साखर पेठेतून येणारी, नर्सिंग झालेली माझी एक विद्यार्थिनी बॅग खांद्याला लावून दारापर्यंत गेली, तिथून वळली आणि मोठ्या उत्साहाने मला म्हणाली, ‘इश कॉमं!’

इश कॉमं. म्हणजे ‘मी येते’.

कर्ता बरोबर, क्रियापद बरोबर, उच्चारसुद्धा छान. पण जर्मन माणसाने हे ऐकलं तर तो म्हणेल, ही तर इथेच उभी आहे, मग येतेय कुठून? तिकडे ‘इश कॉमं’ म्हणतात ते आत येणारा माणूस, किंवा हाक आल्यावर ‘आले, आले’ म्हणणारा. निघताना म्हणायचं ‘च्युस’, नाहीतर ‘बिस मॉर्गन’, म्हणजे उद्या भेटू.

आता सांगा, तिचं चुकलं कुठे? शब्दांत काहीच चुकलं नाही. उंबऱ्यावर उभं राहून ‘जाते’ म्हणायचं नाही, हे तिच्या आजीने तिला लहानपणीच शिकवलंय. ती रीत तिने जर्मनमध्ये नेली, एवढंच. मी शिकवताना ‘येणे’ आणि ‘जाणे’ची रूपं फळ्यावर लिहून दिली. निरोप कसा घेतात हे मात्र शिकवलं नव्हतं. ही उणीव माझ्या शिकवण्यातली होती, आणि आजचा व्हिडिओ मी त्याच्यासाठीच करतेय.

तिच्या घरी तेलुगू बोलतात. तिला विचारलं, घरून निघताना काय म्हणतेस? ‘वेळ्ळि वस्तानु.’ जाऊन येते. कन्नड घरातला मुलगा लगेच म्हणाला, आमच्याकडे ‘होगि बर्तीनि’. तेही जाऊन येतोच. भाषा वेगळ्या, कुळंही वेगळी, पण सोलापूरच्या उंबऱ्यावर तिन्ही एकच बोलतात.

आणि आता जपानी ऐका. घरातून निघणारा म्हणतो ‘इत्तेकिमास’, म्हणजे जाऊन येतो. घरातला म्हणतो ‘इत्तेराश्शाइ’, म्हणजे जाऊन ये. इंग्रजीतून जपानी शिकणाऱ्याला हे नीट समजावून सांगावं लागतं. आपल्याकडच्या पोराला एकदा सांगितलं की पुरे, कारण ते त्याच्या घरचंच आहे. एक फरक तेवढा लक्षात ठेवा. पाहुणे म्हणून गेलेल्या घरातून निघताना जपानी माणूस ‘इत्तेकिमास’ म्हणत नाही. ते आपल्या घरातून, आपल्या ऑफिसमधून निघताना, परत तिथेच यायचं असलं तर. आपलं ‘येतो’ मात्र पाहुण्याच्या तोंडीही चालतं. सारखं दिसतं तिथेच पाय घसरतो, म्हणून हे मुद्दाम सांगितलं.

तुम्ही म्हणाल, एवढ्याशा गोष्टीने काय बिघडतं? बिघडतं. जेनी थॉमस नावाच्या भाषाशास्त्रज्ञ बाईंनी १९८३ मध्ये एक फार मोलाची गोष्ट मांडली. परक्या माणसाकडून व्याकरणाची चूक झाली तर ऐकणारा म्हणतो, याला अजून भाषा येत नाही. पण व्याकरण चांगलं असूनही रीत चुकली, तर ऐकणारा ती चूक भाषेच्या खात्यावर टाकत नाही, माणसाच्या खात्यावर टाकतो. उर्मट आहे, म्हणतो. म्हणजे तुमची भाषा जितकी सुधारते, तितकी रीतीची चूक महागात पडते!

उदाहरण घ्या. आपण मराठीत म्हणतो, ‘मला पाणी पाहिजे.’ यात कुणाला उद्धट काही वाटत नाही. शिवाय आपली आर्जवं क्रियापदात आणि छोट्या शब्दांत असतात: ‘जरा देता का’, ‘दे की’, ‘द्या ना’. वेगळं ‘कृपया’ आपण फलकावर लिहितो, घरात बोलत नाही. आता हाच विद्यार्थी जर्मन हॉटेलात म्हणतो, ‘इश विल वासर.’ शब्दाला शब्द ठेवला, पण तिकडे ते हट्टी लेकरासारखं वाटतं. तिथे म्हणायचं ‘इश हेटं गेर्न’, आणि वर ‘बिटं’. कुणीतरी हे पहिल्याच महिन्यात सांगायला हवं. बी-वन, म्हणजे मधल्या पातळीची परीक्षा, पास झाल्यावर उपयोग नाही.

[फळ्यावर: दू / झी]

आता माझा सगळ्यात आवडता भाग. जर्मनमध्ये ‘दू’ म्हणजे तू आणि ‘झी’ म्हणजे तुम्ही. इंग्रजीतून शिकवलं की मुलं गोंधळतात, कारण तिथे सगळ्यांना ‘यू’. मी थेट मराठीतून शिकवते. जर्मनमध्ये दोन क्रियापदं आहेत, ‘झीत्सेन’ आणि ‘दूत्सेन’. इंग्रजीत त्यांना नेमका शब्द नाही. मराठीत आहे: अहो-जाहो करणे आणि अरे-तुरे करणे! एवढं म्हटलं की वर्गातल्या चेहऱ्यांवर उजेड पडतो.

पण इथेही थांबून बघा. आपण अहो-जाहो कुणाला करतो? वयाने, नात्याने, मानाने मोठ्या माणसाला. वडिलांना कित्येक घरांत ‘तुम्ही’, आईला ‘तू’, सासऱ्यांना तर ‘तुम्ही’च. रिक्षावाला लहान दिसला की मात्र आपण सहज ‘कुठपर्यंत सोडशील?’ विचारतो. जर्मनमध्ये माप वेगळं आहे. तिथे बघतात ती ओळख आणि जवळीक. घरात आजोबांनाही ‘दू’, प्रार्थनेत देवालाही ‘दू’. आणि दुकानातल्या विशीतल्या अनोळखी मुलीला ‘झी’. आपल्या मुलांचं नेमकं उलटं होतं. यजमान घरातल्या आजीला आदराने ‘झी’ म्हणत राहतात, आजीला वाटतं ही पोरगी अजून परकेपणा धरून आहे. आणि वॉर्डातल्या तरुण रुग्णाला ‘दू’ म्हणतात, तो म्हणतो, माझी तुमची ओळख कधी झाली? ‘आता अरे-तुरे करूया’ हे सहसा वयाने किंवा पदाने मोठ्या माणसाने सुचवायचं असतं. हल्ली बऱ्याच कंपन्यांत पहिल्या दिवसापासून सगळ्यांना ‘दू’ चालतं, म्हणून आधी ऐका, मग बोला.

हे आत्ता एवढ्या तळमळीने सांगतेय त्याला कारण आहे. महाराष्ट्र सरकारने २०२४ मध्ये जर्मनीतल्या बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळ पाठवण्याचा करार केला. त्यानंतर आमच्याकडे नर्सिंगची, आयटीआयची मुलं मोठ्या संख्येने चौकशीला येतात. या मुलांना कागदावरची नव्हे, रुग्णाच्या उशाशी बोलायची जर्मन लागणार आहे. बऱ्याच पुस्तकांत संस्कृती म्हणजे धड्याच्या शेवटी एक रंगीत चौकट असते: सण, खाणं, किल्ल्याचा फोटो. ते बघायला छान आहे. पण उद्या कुणी परदेशी माणूस मराठी शिकायला आला आणि आपण त्याला गड्ड्याची यात्रा दाखवली, नंदीध्वज दाखवले, कडक भाकरी आणि शेंगाचटणी खाऊ घातली, आणि ‘बघू’ म्हणजे बहुतेक वेळा ‘नाही’ हे सांगितलंच नाही, तर तो बिचारा आठवडाभर उत्तराची वाट बघत बसेल.

मला याबाबतीत नेहमी आठवतात ते आपले डॉ. द्वारकानाथ कोटणीस. जन्म १९१०, आपल्या सोलापुरातला. भैय्या चौकाजवळ त्यांचं स्मारक आहे, अजून गेला नसाल तर जरूर जा. १९३८ मध्ये पाच भारतीय डॉक्टरांच्या पथकातून ते चीनला गेले. पाचही जणांनी आपल्या चिनी नावात ‘हुआ’ हे अक्षर घेतलं. हुआ म्हणजे चीन. कोटणीस झाले ‘के दीहुआ’. ते चिनी शिकले आणि तिथल्या माणसांत त्यांच्याच भाषेत राहिले. क्वो छिंगलान या परिचारिकेशी त्यांनी लग्न केलं. १९४२ मध्ये मुलगा झाला, त्याचं नाव यिनहुआ. यिन म्हणजे भारत, हुआ म्हणजे चीन. त्याच वर्षी ९ डिसेंबरला, अवघ्या बत्तिसाव्या वर्षी, ते गेले.

चिनी भाषेत भेटल्यावर विचारायची एक जुनी रीत आहे, ‘नी छ्र ल मा?’ म्हणजे ‘जेवलास का?’ आपण ‘जेवण झालं का?’ विचारतो, कन्नडमध्ये ‘ऊट आयता?’. इथेही उत्तरात आज काय काय केलं होतं हे सांगायचं नसतं, हो म्हणून पुढे जायचं असतं. सोलापूरच्या माणसाला तो प्रश्न किती ओळखीचा वाटला असेल, असं मला राहून राहून वाटतं.

म्हणून शिकवणाऱ्यांना माझी कळकळीची विनंती आहे, इंग्रजीच्या पुलावरूनच जायला हवं असं नाही. जर्मनमध्ये अडीच वाजले हे सांगतात ‘हाल्प द्राय’, म्हणजे ‘अर्धा तीन’. इंग्रजीच्या सवयीने मुलं साडेतीन समजतात आणि तासभर उशिरा पोचतात. मग मी सांगते, आपला ‘अडीच’ आला कुठून? ‘अर्धतृतीय’ वरून. तिसरा अर्धा! अगदी तोच हिशोब. मुलं पुन्हा विसरत नाहीत.

त्या मुलीचं काय झालं ते सांगते. दुसऱ्या दिवशी आख्ख्या बॅचकडून मी दाराचा सराव करून घेतला. एकेकाने उठायचं, दारापर्यंत जायचं, वळायचं आणि जर्मन रीतीने निरोप घ्यायचा. ती शेवटी उठली. ‘बिस मॉर्गन,’ म्हणाली, अगदी नीट. मग चप्पल घालताना तिने मान वर केली आणि हळूच म्हणाली, ‘येते, मॅडम.’

मी म्हटलं, ये.

तुमच्या घरी निघताना काय म्हणतात? दख्खनी बोलणारे, लमाणी बोलणारे, तुम्ही तर नक्की लिहा. पुढच्या व्हिडिओत फोन उचलण्यावर बोलू. जर्मन माणूस ‘हॅलो’च्या जागी बऱ्याचदा थेट आडनाव सांगतो, आणि आपली मुलं तिथेच गडबडतात.